पहाटे पाच-दहाची तारीख

"तारीख कुणा एकट्याची नसते गं बाई," असं मावशी म्हणायची. दिवसातून दहा वेळा म्हणायची. खाटेवरची चादर ताणताना, गरम पाण्याची बादली उचलताना, रडणाऱ्या बाळंतिणीच्या पाठीवरून हात फिरवताना. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला वाटे, बाई काहीतरी अवघड ज्ञान सांगते आहे. पण मावशीला ज्ञानबिन काही ठाऊक नव्हतं. तिला तारखा ठाऊक होत्या.

दवाखान्यात सगळ्याच आयांना मावशी म्हणत आणि सगळ्या वॉर्डबॉयना मामा. तरी नुसतं 'मावशी' म्हटलं की ती बाळंतिणींच्या वॉर्डातली हीच. बाकीच्यांना पुढे शेपूट जोडावं लागे, कपड्यांच्या मावशी, ऑपरेशनच्या मावशी.

ती इथं आली होती दोन महिन्यांसाठी. वहिनीचा पाय मोडला, तिच्या जागी बदली म्हणून. वहिनीचा पाय जुळला, वहिनी दुसरीकडे कामाला लागली, आणि मावशीच्या दोन महिन्यांची एकतीस वर्षं झाली. नवरा गवंडी, एक मुलगा, पत्र्याच्या दोन खोल्या. आली तेव्हा तिला अक्षर येत नव्हतं. अंगठा मात्र असा ठसठशीत उठवायची की पगारवाला कारकून म्हणायचा, "बाई, सहीसुद्धा इतकी सुंदर नसते कुणाची."

वॉर्डाच्या भिंतीवर, बाळांच्या वजनकाट्याच्या बरोबर वर, रोज एक पान फाडायचं जाडजूड कॅलेंडर टांगलेलं असे. पुढे मोठा आकडा, मागे बारीक अक्षरांत 'आजच्या दिवशी' म्हणून चार ओळी. सकाळी सातला ड्यूटी बदलली की पान फाडायचं आणि केरात टाकायचं, हे आयांचं पहिलं काम. मावशीनं पहिल्याच आठवड्यात विचारलं, "मोठ्या सिस्टर, ह्या मागच्या मुंग्या काय म्हणतात हो?"

मोठ्या सिस्टरनं चष्मा सावरून वाचलं, "आज माणूस चंद्रावर उतरला."

मावशीच्या हातातली बादली खाली आली. ती वॉर्डभर सांगत सुटली. सातव्या खाटेवरच्या बाईनं घाबरून विचारलं, "मग परत कधी येणार तो?" मावशी म्हणाली, "ते अजून कळलं नाही. आत्ता कुठं उतरलाय!" दुपारपर्यंत बातमी धोब्यापर्यंत पोचली आणि धोबी खिडकीतून वर बघायला लागला. मोठी सिस्टर हसून हसून खुर्चीत बसली. "अगं वेडे, आज म्हणजे आजच्या तारखेला! कितीतरी वर्षं झाली त्याला."

दुसरी कुणी असती तर तिनं कानाला खडा लावला असता. मावशीला लाज वाटली नाही, नवल वाटलं. म्हणजे गेलेला दिवस जात नाही तर! नांगर फिरून पुन्हा बांधापाशी यावा तसा तो वर्षानं येतो, आणि येताना मागचं सगळं गाठोडं पाठीवर घेऊन येतो. तिनं त्या दिवसापासून एकही पान केरात टाकलं नाही. त्या पानांवरूनच ती वाचायला शिकली. मोठी सिस्टर रोज एक ओळ शिकवी. तिला सगळ्यात आधी लिहिता आलेला शब्द होता 'आज'.

लिहिता यायला लागल्यावर तिनं एक वही घातली. जाड पुठ्ठ्याची, तीनशे सहासष्ट पानांची. एका तारखेला एक पान. वर्ष कुठलंही असो, तारीख आली की तेच पान उघडायचं. वर जगाच्या ओळी, खाली वॉर्डाच्या. 'खाट चार. मुलगा. दुपारी एक वीस. आई शिंपीण. कळा येत होत्या तरी हसत होती.' नावं ती लिहीत नसे. "नाव काय, उद्या बदलेल. हसणं बदलत नाही," म्हणायची.

आणि बाळ झालं की आईच्या उशाशी त्या दिवसाचं पान ठेवायची. एकाच दिवशी दोन-तीन बाळं आली तर उरलेल्यांना हातानं लिहून द्यायची. दहा मार्चला कुणी टाहो फोडला की म्हणायची, "आज तारेतून माणूस पहिल्यांदा बोलला. तुझं पोर गप्प बसणार नाही बघ." पंचवीस जुलैला सांगायची, जगातलं पहिलं टेस्ट ट्यूब बाळ आजच्याच दिवशी आलं. पंधरा एप्रिलला तेवढी पंचाईत. त्या तारखेला मोठं जहाज बुडालं होतं. मावशी तेही लपवायची नाही. "बुडालं गं, पण सातशे माणसं वाचली. आपण वाचलेल्यांच्या ओळीत लिहू तुझ्या बाळाला."

घरी गवंडी चिडवायचा, "हिला जगाच्या तारखा पाठ. आमच्या लग्नाची विचारली की भिंतीकडे बघते."

"त्या दिवशी जगात काही घडलं असेल तर लक्षात राहील ना," मावशी म्हणायची.

आता त्या वहीचा एक कायदा होता, आणि तो मावशीनं स्वतः केलेला होता. तिचा दिवस सकाळी सातला, पान फाडल्यावर सुरू व्हायचा. धाकटी सिस्टर नवीन आली तेव्हा तिनं हटकलं होतं. "मावशी, तारीख रात्री बाराला बदलते."

"तुमच्या घड्याळात बदलत असेल. माझ्या वॉर्डात मी पान फाडल्यावर बदलते."

"म्हणजे पहाटेची बाळं आदल्या दिवसाची शिळी?"

"शिळी कशाला? पान भिंतीवर आहे तोवर दिवस तोच. इतक्या वर्षांत एका आईनं तक्रार केली नाही, तुम्ही काय कालच्या आलेल्या!"

दवाखान्याच्या मोठ्या रजिस्टरात सिस्टर लोक बरोबर तारीख लिहायचे, जन्माचा कागद त्यावरूनच निघायचा. मावशीची वही म्हणजे मावशीची वही. तिच्यात ढवळाढवळ करायची कुणाची छाती नव्हती.

मावशीला नोकरीचे दोन महिने उरले होते तेव्हाची गोष्ट. अकरा एप्रिल. सकाळीच बाजारातली चावीवाली आली. नवरा-बायको मिळून चाव्या कापायचं छोटं दुकान चालवत. बाई मोठी खटपटी, हाताला कानशीचे वळ, जिभेलाही कानसच. पण त्या दिवशी ती खाली मान घालून आली आणि मावशीला बघताच तिनं मनगट धरलं. "मावशी, आज कुठली तारीख आहे माहितीय ना?"

मावशीला माहीत होतं. तीन वर्षांपूर्वी हिचं पहिलं बाळ इथंच झालं होतं. मुलगी. दोन तास जगली. मावशीची तेव्हा रात्रीची ड्यूटी होती. बाई अर्धवट शुद्धीत, काय करावं सुचेना, म्हणून मावशीनं सवयीनं पान फाडून तिच्या मुठीत दिलं होतं. अकरा एप्रिलचं पान.

दुपारचे तीन वाजले, मावशीची सुटायची वेळ झाली. ती गेली नाही. साडेचार वाजले. लेबर रूममध्ये डॉक्टरबाई, धाकटी सिस्टर, मावशी, आणि टेबलावर चावीवाली, ओठ दाताखाली धरून. सगळं तयार होतं. फक्त तिनं जोर करायचा होता. आणि ती करत नव्हती.

"आज नाही," ती म्हणाली. "उद्या."

"उद्या कसं गं?" डॉक्टरबाई म्हणाल्या. "हे काय दुकान आहे, शटर ओढून घ्यायला?"

"आज नाही होऊ देणार मी. रात्री बारापर्यंत धरते."

डॉक्टरबाईंनी पोटावर यंत्र टेकवून ऐकलं आणि त्यांचा चेहरा बदलला. "बाळाचे ठोके मंदावताहेत. पंधरा मिनिटं बघते. नाहीतर ऑपरेशनला घ्यावं लागेल."

"सही करणार नाही. उद्या करते सही."

मावशीनं डोक्याशी स्टूल ओढलं. "नऊ महिने कुलूप घालून बसलीस, आता चावी फिरवायच्या वेळी मागं सरतेस होय?" चावीवाली हसली नाही. मग मावशीनं वही आणली. भल्याभल्या हट्टी बायका तिनं वहीनं वाटेवर आणल्या होत्या. तिनं अकरा एप्रिल काढून मोठ्यानं वाचलं, "आज तीन माणसं चंद्राकडे निघाली. ऐक पोरी, वाटेत त्यांची टाकी फुटली, चंद्र राहिला, पण तिघंही जिवंत घरी परतली. आज लढाईतल्या एका छळछावणीतले कैदी सुटले. तारीख कुणा एकट्याची..."

"नकोत मला तुमची चंद्रावरची माणसं!" चावीवाली ओरडली. "त्याच पानावर माझी पोरगी आहे ना? तिचं वाचा! वाचा की! का नाही वाचत?"

वाचणं भाग होतं. मावशीचं बोट ओळींवरून खाली सरकलं. "खाट सहा. मुलगी. पहाटे पाच-दहा..."

बोट तिथंच थांबलं.

पहाटे पाच-दहा. त्या रात्री मावशी अकरा तारखेला संध्याकाळी कामावर आली होती. रात्र गेली, पहाट झाली, पोर आलं, आणि सातला पोर गेलं त्याच सुमाराला तिनं भिंतीवरचं पान फाडलं. जगाच्या घड्याळात तेव्हा बारा तारखेचे सात तास होऊन गेले होते. पोरगी अकराची नव्हतीच. मावशीच्या भिंतीवर तेवढी ती अकराची होती.

या एका नोंदीचीच गोष्ट नव्हती. पहाटेच्या सगळ्याच नोंदी तिच्या डोळ्यांपुढून गेल्या. इतक्या वर्षांच्या पहाटा! समोर धाकटी सिस्टर उभी होती, जिला तिनं 'कालच्या आलेल्या' म्हणून गप्प केलं होतं. वही मिटून, दुसरं काही गोड बोलून वेळ मारून नेता आली असती. पण बाळाचे ठोके वेळ मारून नेऊ द्यायला तयार नव्हते.

"पोरी, चुकलं माझं," मावशी म्हणाली. "तुझी पोरगी अकराची नाही. बाराची आहे. मी तुला चुकीचं पान दिलं."

चावीवालीनं मान वळवली. "खोटं. मला जोर करायला लावायचाय तुम्हाला."

"सिस्टर, मोठं रजिस्टर आणा. तीन वर्षांपूर्वीचं."

धाकटी सिस्टर धावत गेली, धावत आली. पानं उलटली आणि वाचलं, "बारा एप्रिल. पहाटे पाच वाजून दहा मिनिटं. स्त्री." एवढं वाचून ती मावशीकडे बघायला लागली, आणि मग तिनं नजर खाली घातली. टोमणा मारायची इतकी चांगली संधी त्या पोरीनं सोडली, याचे उपकार मावशी पुढे जन्मभर सांगत राहिली.

"रजिस्टर तुमचं, माणसं तुमची," चावीवाली धापा टाकत म्हणाली. मग पडद्याकडे तोंड करून ओरडली, "अहो! ऐकताय का? दवाखान्यानं तो कागद दिला होता, त्याच्यावर तारीख काय होती?"

पडद्याच्या पलीकडे बाकावर नवरा बसला होता. बाक करकरला. मग आवाज आला, "बारा."

"बारा? मग तीन वर्षं बोलला का नाहीत?"

"तू अकराला दुकान बंद ठेवायचीस. पान पुढ्यात घेऊन बसायचीस. म्हटलं, एकदा रडलेल्या माणसाला दुसऱ्या दिवशी परत कशाला रडवा."

"आणि तुम्ही? बाराला?"

"मी उघडायचो की दुकान. गिऱ्हाइकाला सांगायचो, मशीन बिघडलंय. त्या दिवशी मी चावी कापत नाही."

चावीवालीच्या डोळ्यांच्या कडांतून पाणी कानांकडे ओघळलं. कसलं होतं ते तिलाही सांगता आलं नसतं.

मावशीनं तिचं डोकं दोन्ही हातांत धरलं. "ऐकलंस ना? आजचा दिवस मोकळा आहे. आता हट्टानं धरून ठेवशील तर बाई, नेमकी उद्यावर जाऊन पडशील!"

चावीवालीला हसू फुटलं. रडता रडता, कळ पोटात असताना, मोठ्यानं हसू फुटलं, आणि त्या हसण्यातच तिनं पहिला जोर केला.

चार बावन्नला मुलगी झाली. आधी गप्प होती. डॉक्टरबाईंनी तिच्या पाठीवर टॉवेल घासला, पावलांवर टिचकी मारली, आणि मग ती अशी रडली की बाहेर बाकावर बसलेला बाप उभा राहिला. मावशीचा जीव भांड्यात पडला. तिनं डॉक्टरबाईंचे हात धरले, सिस्टरचे हात धरले, कुणाचे आणखी धरायचे राहिले म्हणून टेबलाचा गज धरला.

दुसऱ्या दिवशी बारा तारीख. सकाळी मावशी चावीवालीच्या खाटेशी वही घेऊन बसली. अकराच्या पानावरची ती जुनी ओळ तिनं पट्टी धरून खोडली आणि बाराचं पान उघडलं. वरच्या ओळी वाचून दाखवल्या. या तारखेला माणूस पहिल्यांदा पृथ्वीच्या बाहेर गेला आणि सुखरूप परत आला. या तारखेला पोरांचे पाय लुळे पाडणाऱ्या रोगावरची लस लागू पडते असं जाहीर झालं.

"शेजार चांगला मिळाला तिला," चावीवाली म्हणाली. "लिहा तिथं."

"काय लिहू? खाट सहा, मुलगी, पाच-दहा. आणि?"

चावीवालीनं कुशीतल्या बाळाची मूठ उघडून बघितली. "बोटं लांब होती. बापासारखी. एवढं लिहा."

मावशीनं लिहिलं. बाप पायथ्याशी उभा होता. त्यानं आपली बोटं बघितली आणि हात पाठीमागे नेले.

त्यानंतरच्या दोन महिन्यांत मावशीनं जे केलं ते करायला तिला दवाखान्यात कुणीच सांगितलं नव्हतं. तिनं वहीतल्या पहाटेच्या नोंदी शोधल्या, रजिस्टराशी ताडून बघितल्या, धाकट्या सिस्टरकडून जुने पत्ते काढून घेतले, आणि रोज तीनला सुटलं की एक-दोन घरं गाठायची. हातात नवी चिठ्ठी, बरोबर तारखेची, तिच्या ठसठशीत अक्षरातली. दारात उभी राहून म्हणायची, "मी दवाखान्यातली मावशी. तुमच्या लेकराचं पान मी चुकीचं दिलं होतं."

पहिल्या दिवशी ती चिठ्ठ्या पिशवीत भरून निघाली. गवंडी म्हणाला, "पडलेली भिंत उचलायला निघालीस. अगं, भिंत पडलीय हेही त्यांना माहीत नसेल."

"म्हणूनच सांगायला हवं," मावशी म्हणाली.

शिंपिणीच्या धाकट्या मुलाचा जन्म पहाटे साडेतीनचा. तो आता मिशा फुटलेला, बापाच्या मशीनवर बसणारा. शिंपिणीनं मावशीला ओढून आत घेतलं. "कागदाची तारीख शाळेसाठी आणि तुमची तारीख घरासाठी, असं आम्ही कधीच वाटून घेतलंय. दोन्ही दिवशी गोड खायला मिळतं, तो कशाला तक्रार करतोय!" पोस्टमनच्या घरी ते जुनं पान काच लावून भिंतीवर टांगलेलं होतं. पोस्टमन नवी चिठ्ठी बघून म्हणाला, "चुकीच्या पत्त्यावर गेलेलं पत्र इतक्या वर्षांनी बरोबर पोचवायला येणारं माणूस मी माझ्या खात्यातसुद्धा पाहिलं नाही." त्यानं तीही चिठ्ठी शेजारी लावली. एका कारकुनानं मात्र दारातच झापलं. पंधरा वर्षं चुकीच्या दिवशी पाहुणे बोलावले म्हणाला, आणि दार लावून घेतलं. मावशीनं चिठ्ठी फटीतून आत सरकवली. जिन्याच्या शेवटच्या पायरीवर ती पोचते न पोचते तोच त्याची बायको मागून धावत आली, तिच्या हातावर दोन पेरू ठेवले आणि म्हणाली, "तुम्ही त्या रात्री माझ्या पाठीला तेल लावत बसला होता. तारखेचं काय घेऊन बसलात!"

असं घरोघरी व्हायला लागलं. मावशी द्यायला जायची आणि ओटी भरल्यासारखी परत यायची. कुणी चहा द्यायचं, कुणी उंच झालेली पोरं समोर उभी करायचं, एका मुलीनं तर तिला स्वतःचं बाळ दाखवलं. रात्री तिचे पाय चेपत बसलेल्या गवंड्याला ती म्हणायची, "एवढं सगळं माझ्या चुकीनं दाखवलं बघ. बरोबर लिहिलं असतं तर मी कशाला कुणाच्या दारी गेले असते?"

"मग दुपारच्याही नोंदी चुकवायच्या होत्यास," गवंडी म्हणायचा.

निवृत्त झाली त्याच आठवड्यात ती चावीवालीच्या दुकानावरून चालली होती. दुकान म्हणजे जिन्याखालची जागा, कोऱ्या चाव्यांच्या माळा, मशीनचा पितळी भुगा. दोन महिन्यांची पोरगी आईच्या खांद्यावर, डोळे टक्क. मावशीनं तिच्या तळव्यात बोट दिलं. पोरीनं ते घट्ट पकडलं आणि सोडेना.

"बसा ना मावशी. आता कुठली ड्यूटी?"

"अजून सतरा घरं राहिलीत गं. आज नदीपलीकडच्या दोघी आहेत. एक घर बदलून गेलीय म्हणतात, शोधावी लागेल."

"ह्या उन्हात? उद्या जा."

"उद्याचं तू मला सांगू नकोस," मावशी म्हणाली. दोघी हसल्या. आतून चावीवाल्यानंही मान वर केली.

मावशीनं आपलं बोट हळूच सोडवून घेतलं, पदर डोक्यावर ओढला, चिठ्ठ्यांची पिशवी काखेत मारली आणि रस्ता ओलांडला. तिची चाल आधीपासूनच डुलती, एका बाजूला जरा झुकलेली, आयुष्यभर एकाच हातानं बादल्या उचललेल्या बाईची. पुलाच्या चढावर ती एकदा दम खायला थांबली, कुणाला तरी पत्ता विचारला, त्यानं हात करून दाखवलं, आणि ती पुन्हा चालू लागली.

दुकानापुढे एक गिऱ्हाईक जुनी चावी नाचवत उभं होतं. "अहो बाई, घेताय ना? घाई आहे."

"थांबा जरा," चावीवाली म्हणाली. तिनं पोरगी खांद्यावर वळवून तिचं तोंड पुलाकडे केलं. नवरा मशीन बंद करून तिच्या मागे येऊन उभा राहिला. पुलावरच्या गर्दीत तो डोक्यावरचा पदर दिसेनासा होईपर्यंत तिघंही बघत राहिली.